मिटलेल्या खोल्यांचा ओळंबा

त्या गावात खोल्या मिटत असत. घरातल्या एखाद्या खोलीत बरेच दिवस कोणी पाऊल टाकलं नाही, की एके दिवशी दार नाही, चौकट नाही, नुसती सपाट भिंत. आतलं सामानसुमान आतच. नवख्या माणसाला हे ऐकून घाम फुटायचा, पण गावाच्या ते अंगवळणी पडलं होतं. सकाळी चहाचं आधण ठेवायच्या आधी घरातल्या एकाने सगळे उंबरे ओलांडून यायचे, एवढं केलं की झालं. सासू ते काम सुनेवर ढकलायची, सून नवऱ्यावर, आणि शेवटी घरात ज्याचं कोणी ऐकत नाही तो कुरकुरत फेरी मारून यायचा.

तरीही कुठे ना कुठे राहून जायचंच. आजारपण यायचं, माणसं परगावी जायची, भाऊ भाऊ बोलेनासे व्हायचे. मग गवंड्याच्या थोरलीला बोलावणं जायचं.

तिला सगळे थोरलीच म्हणत. पाठची धाकटी होती म्हणून ही थोरली. केस पांढरे झाले तरी त्यात बदल झाला नाही. उंच, हाडापेराने दणकट, तळहातांना चुन्याच्या भेगा, बोलणं मोजकं. वडील गवंडी, म्हणून तीही गवंडी. लग्न झालं नाही. आधी वडील म्हणाले घाई काय आहे, मग पाहायला आलेली माणसं तिचे हात बघून परत गेली, मग विषयच मागे पडला. तिनेही तो उकरून काढला नाही. भिंत उलटून बोलत नाही, असं ती म्हणायची, आणि तिच्या धंद्यात ते नेहमीच खरं नव्हतं हे तिलाही ठाऊक होतं.

तिच्या कामाच्या थैलीत दोन ओळंबे असत. एक साधा लोखंडी, भिंत सरळ उभी आहे का ते पाहायला. दुसरा वडिलांकडून आलेला. त्याला धातू म्हणावं तर कधी गंज चढला नाही, दगड म्हणावं तर छिन्नीची खूण नाही. उन्हात ठेवला तरी गार. दोरी केसांची की गवताची, ते कोणाला सांगता येत नसे. वडिलांच्या आजोबांना तो एका मिटलेल्या खोलीत सापडला होता. त्या खोलीत दुसरं काहीच नव्हतं, आणि ती कोणाच्या घरची तेही कळलं नाही. दोन घरांच्या मधे, जिथे हात घालायला जागा नव्हती, तिथे ती निघाली होती.

हा ओळंबा हातात धरून घरात उभं राहिलं, आणि जवळ मिटलेली खोली असली, की दोरी तिरकी व्हायची. वारा नसताना, अगदी सावकाश, झोपेतल्या माणसाने मान वळवावी तशी. मग ती तिरकीच राहायची. ज्या दिशेला ती जाईल तिथल्या भिंतीला थोरली खूण करी, गिलावा खरवडून काढी, दोन विटा सैल करून बाहेर ओढी आणि त्या भोकात खिळा ठोकून ओळंबा टांगून देई. तो टांगलेला असेपर्यंत भोक मिटत नसे. थोड्या वेळाने भिंतीतून कोणी उसासा सोडल्यासारखा आवाज येई आणि जुनी चौकट पुन्हा दिसू लागे. कोणी लांबच्या प्रवासाला निघालं, तर घराच्या मधल्या दारावर ओळंबा टांगून ठेवायलाही लोक मागत. पण वडिलांनी तो कधी उसना दिला नाही, आणि थोरलीनेही नाही.

आत वेळ थांबलेला असे. ती वडिलांबरोबर पहिल्यांदा गेली ती एका शिंप्याच्या घरी. त्याच्या आईच्या लहानपणी मिटलेली खोली होती. दार उघडलं तर आत चुलीवर दूध, आणि ते सगळ्यांच्या देखत उतू गेलं. एक मांजर आळस देत बाहेर आलं आणि एवढी माणसं पाहून वैतागून परत आत जायला निघालं. शिंप्याच्या म्हाताऱ्या आईने त्या मांजराला नावाने हाक मारली आणि मग ती खालीच बसली. तिला पाणी द्यावं लागलं.

"खोली माणूस मोजते ते उंबऱ्यावर," वडील सांगत. "उंबरा ओलांडून गेलात की तिच्या हिशेबात आलात. खिडकीतून आत शिरलात, तर तिच्या लेखी तुम्ही नाहीतच." म्हणूनच त्या गावात मुलांना लपाछपी खेळायची बंदी होती. आणि बंदी होती म्हणून मुलं खेळत.

या दोघी बहिणीही खेळल्या. आई धाकटीच्या बाळंतपणातच गेली होती. वडील पुलाच्या कामाला बाहेरगावी राहत आणि आठवड्याला घरी येत. मागची चुन्याची खोली त्यांनी कुलूप लावून ठेवली होती, पोरींचे हात भाजू नयेत म्हणून. घरी आले की उंबरा ओलांडून यायचे आणि पुन्हा कुलूप लावायचे. त्या खेपेला नदीला पाणी आलं आणि त्यांचं येणं लांबलं. थोरली परसात झाडाला तोंड करून आकडे म्हणत होती. धाकटी सहा-सात वर्षांची, काटकुळी. ती चुन्याच्या खोलीच्या झरोक्यातून आत घुसली आणि चुना भिजवायच्या कुंड्यामागे जाऊन बसली.

थोरलीने मागे वळून पाहिलं तेव्हा झरोका नव्हता. मागच्या बाजूला सपाट भिंत होती आणि भिंतीवर ऊन पडलं होतं.

ती भिंतीला तोंड लावून हाका मारत राहिली. शेजारणीने ओढून नेईपर्यंत, घसा बसेपर्यंत. वडिलांना निरोप गेला. ते आले ते घोड्यावरून, भिजलेल्या कपड्यांनी. त्यांनी ओळंबा धरला, भिंत फोडली, भोकात ओळंबा टांगला. चौकट दिसायची वाट पाहायला हवी होती, पण त्या भोकातून चुन्याने माखलेला एक लहानसा हात बाहेर आला, आणि मग कुठला बाप थांबेल. त्यांनी हात धरला आणि पोरीला अक्षरशः खेचून काढलं. त्या गडबडीत कोपर लागून ओळंबा बाहेर पडला. भोक पापणी मिटावी तसं मिटलं. कोणी तिकडे लक्षही दिलं नाही. धाकटी बापाच्या खांद्यावर होती, डोळे उघडे, गप्प, सगळ्यांकडे आळीपाळीने बघत.

त्या संध्याकाळी थोरलीने वडिलांना त्या भिंतीसमोर पाठमोरं उभं पाहिलं. त्यांच्या हातात ओळंबा होता. ते पुष्कळ वेळ तसेच उभे होते. मग त्यांनी दोरी गुंडाळली आणि आत आले. दुसऱ्या दिवशी त्या भिंतीला त्यांनी गिलाव्याचे दोन थर दिले आणि पुढे विटा रचून टाकल्या.

"आपल्या घरात ओळंबा टांगायचा नाही," ते थोरलीला म्हणाले. "ज्याचा आहे त्याच्या घरात तो खोटं दाखवतो."

थोरलीने ते मानलं. वडिलांचं सगळंच ती मानायची. धाकटी पहिल्यासारखीच होती, हट्टी, बडबडी, जेवताना सांडणारी. पूर्वी चुन्याच्या वासाने तिला शिंकांवर शिंका यायच्या, त्या येईनाशा झाल्या. मुलं मोठी होतात तशी प्रकृती बदलते, असं सगळे म्हणाले.

वर्षं गेली. धाकटी साबणवाल्याला दिली. घरापाठीमागेच त्याची साबणाची शेड, चरबी उकळायच्या मोठ्या कढया, राखेच्या पाण्याची पिंपं. माणूस अबोल, अंगाला कायम राखेचा वास, पण बायकोवर जीव टाकणारा. त्यांना एक मुलगी आणि एक मुलगा झाला. वडील गेले तेव्हा धाकटीने महिनाभर माहेरी राहून थोरलीला जेवू घातलं, नाहीतर ती उपाशीच कामावर गेली असती. गावात बहिणी पुष्कळ होत्या, पण या दोघींसारख्या नाहीत, असं लोक म्हणत. आठवड्यातून एकदा तरी एकीचा पाय दुसरीच्या घराला लागायचाच.

मुलगी लग्न होऊन गेली, मुलगा जहाजावर गेला, आणि त्यानंतर एका दुपारी साबणवाला थोरलीच्या कामावर आला. ती एका दुकानाची पडकी भिंत बांधत होती. तो काठी टेकत आला आणि विटांच्या ढिगावर बसला. त्याचे गुडघे धरले होते, जिने चढवत नव्हते.

"ताई, जरा घरी या. खोल्या मिटतायत."

"किती?"

"आधी माळ्यावरची गेली. मग मुलीची. काल कोठीची."

थोरलीने थापी खाली ठेवली. "धाकटी फेरी मारत नाही का?"

"मारते की. दिवसभर घरात तीच असते. काल सकाळी कोठीची खोली झाडली तिने, मी केर काढल्याचा आवाज ऐकला. दुपारी पाहिलं तर भिंत." तो बोलताना तिच्याकडे बघत नव्हता, काठीच्या टोकाने वाळूत रेघा ओढत होता. "तुम्ही येऊन बघा. मला काही कळत नाही."

झाडलेली खोली मिटल्याचं थोरलीने आजवर ऐकलं नव्हतं.

ती गेली तेव्हा धाकटी स्वयंपाकघरात शेंगा सोलत बसली होती. "मला वाटलं, चहाला आलीस," ती म्हणाली. "थैली बघून कळलं, पाहुणी नाही, कारागीर आलाय. आता तुझी मजुरी द्यावी लागणार. चहावर भागेल ना?"

थोरली हसली. आधी तिने कोठीची खोली उघडली. काहीच त्रास झाला नाही. आत केरसुणी भिंतीला टेकवलेली होती आणि सुपलीतल्या केरावर अजून धूळ तरंगत होती. म्हणजे धाकटी खरंच झाडून गेली होती. झाडून, उंबरा ओलांडून, बाहेर गेली होती. आणि खोलीने ते धरलंच नव्हतं.

मग ती स्वयंपाकघरात आली. माळ्यावरची खोली कुठल्या बाजूला ते पाहायला तिने ओळंबा हातात धरला. दोरी वर माळ्याकडे गेली नाही. ती चुलीकडे गेली. धाकटी चुलीपाशी उभी राहून चहात साखर घालत होती.

तिच्यामागच्या भिंतीत काही असेल, असं थोरलीला वाटलं. "जरा बाजूला हो गं."

धाकटी कपबश्या घ्यायला फडताळाकडे गेली. दोरी तिच्याबरोबर गेली. धाकटी परत चुलीकडे आली, दोरी परत आली. बाहेर शेडमध्ये कढईत काहीतरी ढवळल्याचा आवाज येत होता. थोरलीने हात बदलून पाहिला. दोरी ताठ होती आणि तिचं टोक बरोबर बहिणीच्या छातीकडे.

हा ओळंबा माणसाकडे कधी झुकला नव्हता. मढ्याकडे नाही, तान्ह्या मुलाकडे नाही.

धाकटीने वळून पाहिलं. तिने दोरी पाहिली, बहिणीचा चेहरा पाहिला, आणि कपबश्या खाली ठेवल्या. मग ती मुद्दाम एक पाऊल डावीकडे सरकली, मग उजवीकडे. दोरीने दोन्ही वेळा तिचा पाठलाग केला.

"म्हणजे मी मोजली जात नाही तर," ती म्हणाली.

"काहीतरी बोलू नकोस."

"ताई, पोरं होती तोवर खोल्या मिटल्या नाहीत. आता घरात मी एकटीच फिरते, तर मिटतायत. तूच सांग." तिचा आवाज चढला नव्हता. साबणाच्या भावाबद्दल बोलावं तसं ती बोलत होती. "बाबा मला कधी एकटीला घरी ठेवून गेले नाहीत. तुला आठवतं? पुलाचं काम सुटलं ते त्यामुळेच. मला वाटायचं, त्यांना भीती बसली म्हणून."

थोरलीला वडिलांची ती पाठमोरी आकृती आठवली, आणि तिने इतकी वर्षं न केलेला विचार एका क्षणात पूर्ण झाला. तिने तो बोलून दाखवला नाही. पण धाकटीने तो तिच्या तोंडावर वाचला. लहानपणापासून तिला ते जमायचं.

"चल," धाकटी म्हणाली. "ऊन आहे तोवर जाऊ."

चहा तसाच राहिला.

माहेरच्या घरी आता थोरली एकटीच राहत होती. वडिलांनी मागच्या भिंतीपुढे रचलेल्या विटा अजून तिथेच होत्या. दोघींनी मिळून त्या बाजूला केल्या. मग थोरलीने त्या घरात आयुष्यात पहिल्यांदा ओळंबा धरला. दोरी दोन बाजूंना ओढली गेल्यासारखी थोडी गोल फिरली, बहिणीकडे झुकली, आणि मग सावकाश वळून भिंतीकडे गेली, ती तिकडेच राहिली.

"नको," थोरली म्हणाली. "बुजवून टाकू. मी माझं घर सोडून तुझ्याकडे राहायला येते. मी फेऱ्या मारीन. कोणाला काही कळणार नाही."

"आणि आत जी आहे ती?"

थोरलीने दोरी गुंडाळायला घेतली.

"तू नाही फोडलीस तर मी फोडीन. मला विटा नीट काढता येत नाहीत, भिंत अंगावर घेईन."

वडिलांचा गिलावा जाड होता. थोरलीने तो खरवडला, वीट सैल केली, दुसरी सैल केली. भोकातून पांढरी धूळ आली आणि चुन्याचा ताजा वास आला, आजच भिजवल्यासारखा. आणि आतून कोणीतरी शिंकलं. एकदा, मग दोनदा, हात तोंडावर दाबून, आवाज होऊ नये म्हणून धडपडणारं माणूस शिंकतं तसं.

थोरलीला खिळा ठोकता येईना. धाकटीने तिच्या हातून हातोडी घेतली आणि खिळा ठोकला, ओळंबा टांगला. या वेळी दोघी थांबल्या. उसासा आला. चौकट आली. दार उघडं होतं.

चुन्याच्या कुंड्यामागून एक काटकुळी पोर उठून उभी राहिली. गुडघे पांढरे, केसांत धूळ. "सापडले का मी?" तिने विचारलं. मग तिला थोरली दिसली आणि ती बावचळली. "ताई कुठंय?"

"मीच ताई," थोरली म्हणाली.

पोरीला ते पटलं नाही. ती थोरलीकडे बघून मागे सरकली, आणि मग तिची नजर मागे उभ्या असलेल्या बाईकडे गेली, तेव्हा मात्र तिचा चेहरा खुलला. तिने बोट केलं. "ही आधी गेली. मी म्हटलं, मी जाते, तर ही म्हणाली, थांब, मी बघून येते. आलीच नाही परत."

"कोण ही?" थोरलीने विचारलं.

"इथेच होती ना. मी आले तेव्हा कोपऱ्यात बसली होती. तिला तोंड नव्हतं. मी म्हटलं, मला भीती वाटते, माझ्यासारखं कर. मग तिने केलं."

परसात झाडावर पक्षी ओरडत होते. धाकटी चौकटीला धरून उभी होती. ती बोलायला लागली तेव्हा थोरलीला वाटलं, ती पोरीशी बोलते आहे, पण ती थोरलीशीच बोलत होती.

"मी विसरून गेले होते. खरंच विसरले होते. आत्ता कुंडा बघितला आणि आठवलं. बाहेरून कोणीतरी इतका जीव तोडून हाका मारत होतं, ताई. मला कधीच कोणी हाक मारली नव्हती. मला वाटलं, एकदा बघावं, कोण आहे ते."

थोरली त्या दोघींच्या मधे उभी होती. एकीने तिला आयुष्यभर जेवू घातलं होतं, दुसरीसाठी तिने घसा फोडला होता. कोणाकडे आधी जावं ते तिला कळेना. तो प्रश्न पोरीनेच सोडवला. तिला भूक लागली होती, आणि तिने उंबरा ओलांडून सरळ धाकटीचा हात धरला.

ओळंबा चौकटीत लटकत होता. पोर बाहेर आल्यावर तो सरळ झाला. मग धाकटीच्या बाजूला अगदी जरासा ढळला, आणि तसाच राहिला.

साबणवाल्याला काय सांगायचं, यावर दोघी बहिणींनी पुष्कळ घोळ घातला. शेवटी थोरली एकटीच शेडमध्ये गेली. तो साबणाच्या लाद्या तारेने कापत बसला होता. घराची एक जुनी खोड आहे, लांबच्या नात्यातली एक पोर माझ्याकडे राहायला आली आहे, ती सकाळी येऊन फेरी मारून जाईल, असं तिने पाठ केलेलं सांगितलं.

त्याने तार खाली ठेवली. "ताई, मला लग्नाच्या वर्षापासून माहीत आहे."

"काय माहीत आहे?"

"तिच्या माहेरपणानंतर मी आठ दिवस परगावी गेलो होतो. ती घरी एकटी. परत आलो तर दोन खोल्या गेलेल्या. ती म्हणाली, मी रोज जात होते हो. तिला खोटं बोलता येत नाही, तुम्हाला ठाऊकच आहे. तेव्हा तुमच्या वडिलांना बोलावलं. त्यांनी खोल्या उघडल्या, माझ्याकडे बघितलं, आणि काही बोलले नाहीत. मीही विचारलं नाही." तो हात पुसत म्हणाला. "तेव्हापासून रोज सकाळी मीच फिरतो. तिला वाटतं, पाय मोकळे करतो. आता गुडघे ऐकत नाहीत, म्हणून तुमच्याकडे आलो."

"तुम्हाला कधी भीती वाटली नाही?"

त्याने कापलेल्या लादीची कड अंगठ्याने गुळगुळीत केली. "वाटली. तिला कळलं तर ती निघून जाईल, याची."

थोरलीने साबणवाल्याच्या राहिलेल्या दोन खोल्याही उघडून दिल्या. पोर थोरलीकडेच राहिली. साठीच्या बाईला ती ताई म्हणायची, ते ऐकून शेजारपाजारचे चक्रावून जायचे. कोणी विचारलं, तर थोरली म्हणायची, सवय आहे तिला. सकाळी पोर साबणवाल्याच्या घरी जायची, सगळ्या खोल्यांतून धावत फिरायची, आणि मग धाकटीच्या हातचं खाऊन शाळेत. धाकटी तिची वेणी घालायची. त्या वेळी दोघी एकमेकींकडे फारसं बघत नसत. एकदा पोर म्हणाली, "तू माझ्यासारखं हसतेस, पण जरा उशिराने." धाकटीने वेणीला गाठ मारली आणि तिला जायला सांगितलं. त्या दिवसानंतर धाकटीला झोप कमी झाली. ती दिवसाउजेडी अंगणात बसून राहायची, भिंतींपासून लांब.

थोरलीचं दुखणं वेगळंच सुरू झालं. बाजारातून जाताना तिच्या खांद्यावरच्या थैलीला ओढ बसू लागली. आधीही बसत असेल, तिने लक्ष दिलं नव्हतं. गर्दीत धक्का लागतोच. आता ती थांबून बघायची. घाटावर एक म्हातारा नावाडी होता, पांढऱ्या मिशांचा, नातवंडांचा लाडका. लहानपणी तो आपल्या घरच्या जाळ्यांच्या खोलीत अडकला होता आणि थोरलीच्या वडिलांनीच त्याला काढला होता, ही गोष्ट तो नावेत बसणाऱ्या प्रत्येकाला रंगवून सांगायचा. थैली त्याच्याकडे ओढली जायची.

तिने धाकटीला विचारलं, काय करू.

"त्याला सांगू नकोस," धाकटी म्हणाली. "सांगितलंस की त्याला आठवेल."

"आणि आतला?"

"आतल्याला अजून तीच दुपार आहे. बाहेरच्याला एवढीच वर्षं आहेत. ती त्याला पुरी करू दे."

मग थोरलीने ते तसंच केलं. तिला ते बरोबर वाटलं असं नाही, पण सांगणारी धाकटी होती म्हणून ऐकलं. नावाड्याची नाव दिसली की ती दुसऱ्या घाटाने जायची.

नावाडी पिकल्या वयात गेला. घरच्यांनी त्याचं सगळं नीट केलं. काही दिवस जाऊ देऊन थोरली त्याच्या घरी गेली आणि मागच्या भिंतीला ओल आली आहे, गिलावा बघायला हवा, असं म्हणाली. मुलगे कामावर होते. नावाड्याची म्हातारी बायको दारात भाजी निवडत बसली होती. तिने मानेनेच आत जायला सांगितलं.

थोरलीने विटा काढल्या, ओळंबा टांगला, आणि भोकाला तोंड लावून हळूच विचारलं, "आत कितीजण आहात?" हे विचारायची तिला आता सवय झाली होती.

आत जाळं सरकल्याचा आवाज आला. मग एक बारीक आवाज म्हणाला, "आता मी एकटाच."

चौकट आली तेव्हा जाळ्यांच्या ढिगातून एक मुलगा बाहेर आला. पाय ओले, हातात नुकताच पकडलेला खेकडा दोरीला बांधलेला. त्याने परकं घर पाहिलं, परकी बाई पाहिली, आणि आईला हाक मारली. ती हाक ऐकून म्हातारी आत आली.

ती त्याच्याकडे बघत राहिली. मग जवळ येऊन तिने त्याची हनुवटी धरली आणि चेहरा उजेडाकडे वळवला.

"हा कोणाचा?" तिने थोरलीला विचारलं.

"भिंतीत होता. आता कोणी नाही त्याला."

"नाव काय रे तुझं?"

मुलाने नाव सांगितलं. म्हातारीने हनुवटी सोडली नाही. मग ती म्हणाली, "पाय पूस आधी. सर्दी होईल," आणि त्याला हाताला धरून चुलीपाशी घेऊन गेली.

थोरलीने ओळंबा उतरवला, पण दोरी किती सरळ आहे ते पाहिलं नाही. घमेल्यात चुना होता. तिने त्यात पाणी ओतलं आणि कालवायला घेतलं. चौकटीच्या कडेने गिलावा उखडला होता, आणि मुलगे संध्याकाळी घरी येण्याआधी तो भरायला हवा होता.